स्प्रिंगबोर्ड डायव्हिंग: यावलच्या विहिरीपासून थ्री मीटर बोर्डापर्यंत

स्प्रिंगबोर्ड डायव्हिंग, म्हणजे झुलत्या फळीवरून उसळून पाण्यात सूर मारणं, शिकले असं सांगितलं की आमच्या खान्देशात पहिला प्रश्न ठरलेला, "भीती नाही वाटली का वं?" वाटली ना. अजूनही वाटते. पण मला या सगळ्यातून जे कळलं ते असं की या खेळात डेअरिंग लागतं त्याच्या कितीतरी पट सबुरी लागते, आणि हे कुणी नीट सांगत नाही, टीव्हीवर दोन सेकंदांची उडी दिसते आणि संपलं, म्हणून मी कशी शिकले ते सगळं लिहून काढतेय. जरा लांबेल.

माझं आजोळ यावल तालुक्यात, केळीच्या पट्ट्यात. मे महिन्यात तिथे दुपारी बाहेर पाय टाकवत नाही, म्हणून आम्ही सगळी भावंडं मामाच्या विहिरीत पडलेलो असायचो. पाठीला डबा बांधून पोहायला शिकायचं, मग डबा सुटला की काठावरून उड्या. मामेभाऊ मुटके मारायचे, कुणाच्या मुटक्याने पाणी वर काठापर्यंत उडतंय त्याची शर्यत. मला मुटक्यापेक्षा सूर आवडायचा, हात पुढे करून सरळ आत जायचं आणि खाली थंडगार पाण्यात डोळे उघडायचे. मामा मोटरच्या खोलीजवळून बघत बसायचा आणि म्हणायचा हिला काही पाणी उडवता येत नाही. पाणी कमीत कमी उडणं यालाच या खेळात मार्क मिळतात हे तेव्हा ना मामाला माहीत ना मला.

आमचं घर भुसावळला, पप्पा रेल्वेत. पप्पांच्या ओळखीचे एक नाना, लोको शेडमधून रिटायर झालेले आणि तरुणपणी रेल्वेच्या टीमकडून डायव्हिंग केलेले. बाहेर फारसं माहीत नसतं पण आपल्या देशात हा खेळ रेल्वे आणि सेनादल यांनीच जगवलाय, नॅशनलची पदकं बघितली की हीच दोन नावं सारखी पुढे येतात. नाना अभिमानाने सांगायचे की 1951 ला दिल्लीत पहिले एशियन गेम्स झाले त्यात डायव्हिंगचं गोल्ड भारताच्या के. पी. ठक्कर यांनी जिंकलं होतं, आणि पुढे आपण हा खेळ विसरून गेलो. हे सांगताना त्यांचा आवाज चढायचा. मला पण आता चढतो.

नानांच्या घरामागे मोकळी जागा होती आणि तिथे त्यांनी मुंबईच्या कुठल्याशा तलावावरून काढून टाकलेला ॲल्युमिनियमचा बोर्ड भंगारातून घेऊन, टेम्पोत टाकून आणून बसवला होता. नवा बोर्ड 16 फूट लांब आणि 20 इंच रुंद असतो, हा थोडा आखूड होता कारण चीर गेलेलं टोक कापलेलं. मागची बाजू रेल्वेच्या जुन्या लाकडी स्लीपरांना बोल्टने आवळलेली, मधे टेकू म्हणून जाड लोखंडी पाइप, आणि पुढच्या टोकाखाली खड्डा करून त्यात तापीची वाळू, वाळूवर जुन्या गाद्या. पाण्याचा थेंब नाही. मी पहिल्या दिवशी विचारलं, नाना पाणी कुठे? तर म्हणाले पाण्याचं काम शेवटी असतं, अर्धा सेकंदाचं, ते नंतर बघू.

मग सुरू झालं चालणं. अक्षरशः चालणं. बोर्डावर तीन-चार पावलं ठराविक लयीत टाकायची, मान सरळ, नजर बोर्डाच्या टोकावर, मग एका पायावरून वर उडी, तिला हर्डल म्हणतात, आणि दोन्ही पाय एकत्र बोर्डाच्या अगदी टोकावर. बोर्ड खाली दबतो. आणि इथे थांबायचं. हे जे थांबणं आहे ना तेच सगळ्यात अवघड. नवीन माणूस घाबरून बोर्ड खाली असतानाच उडी मारतो, मग बोर्डात साठलेली ताकद त्याला मिळतच नाही, नुसत्या पायाच्या जोरावर जेवढं वर जाता येईल तेवढंच तो जातो. बोर्ड वर यायला लागला की त्याच्यासोबत वर यायचं, हात वर्तुळात फिरून कानाजवळ आलेले असायचे आणि बोर्डाने फेकलं की मग जायचं. नाना खुर्ची टाकून बसायचे आणि कित्येकदा बघायचेच नाहीत, डोळे मिटून ऐकायचे. बरोबर पडलं तर एकच दणका येतो आणि सोडताना एक लांब घुमणारा आवाज, चुकलं तर बोर्ड तडतडतो. "घाई केली," ते डोळे न उघडता म्हणायचे. परत. "डावा पाय आधी पडला." परत. मला सुरुवातीला वाटायचं हे अंदाजपंचे बोलतात, पण पुढे मी दुसऱ्या मुलांचं ऐकायला लागले तेव्हा मलाही कळायला लागलं, खरंच ऐकू येतं.

उन्हाचं सांगायलाच हवं. भुसावळचा पारा एप्रिल-मे मध्ये 45 च्या पुढे जातो आणि ॲल्युमिनियमवर अनवाणी पाय ठेवायचा म्हणजे चटका. म्हणून सकाळी उजाडायच्या सुमारास आणि संध्याकाळी ऊन उतरल्यावर. तरी संध्याकाळी बोर्ड तापलेलाच असायचा, मग काकू गोणपाट भिजवून त्यावर अंथरायच्या, थोड्या वेळाने काढायचं, बोर्ड कोरडा करायचा आणि लागायचं कामाला. बोर्डाला वरून खरखरीत थर असतो, पाय सरकू नये म्हणून, त्याने तळपायाची सालं निघायची. आई रोज रात्री खोबरेल लावता लावता बोलायची, पोरगी काळी पडली, पायाला भेगा पडल्या, उद्या कोण बघायला येईल. पण तिने एक दिवसही जाऊ नको असं म्हटलं नाही हेही तितकंच खरं.

चालण्याला कंटाळले की नाना लुगॅनिसची गोष्ट सांगायचे. ग्रेग लुगॅनिस, अमेरिकेचा. मला वाटतं मी डायव्हिंग त्या गोष्टींच्या जोरावर शिकले, कारण नाना ती तुकड्यातुकड्यात सांगायचे आणि ज्या टप्प्यावर मी अडले असेन नेमका त्याच टप्प्याचा तुकडा काढायचे.

चालण्याच्या काळात त्यांनी सांगितलं की हा मुलगा आधी नाचायचा. 1960 चा जन्म, कॅलिफोर्नियातला, बाळ असतानाच दत्तक गेलेला. अगदी लहानपणापासून बहिणीबरोबर डान्स आणि ॲक्रोबॅटिक्सच्या क्लासला. घरामागे स्विमिंग पूल बांधला तर हा जिम्नॅस्टिक्सच्या कोलांट्या तिथल्या बोर्डावरून मारायला लागला, म्हणून आईने म्हटलं नीट शिकू तरी दे आणि डायव्हिंगला घातलं. शाळेत वाचताना अक्षरं उलटसुलट दिसायची, डिस्लेक्सिया, पण तेव्हा कुणाला कळलं नव्हतं, मुलं ढ म्हणून चिडवायची, सावळ्या रंगावरून पण चिडवायची. बोर्डावर मात्र लय होती. प्रत्येक डाइव्ह तो मनात गाण्याच्या ठेक्यावर बसवायचा. नाना म्हणायचे बघ, तो आधी नाचायला शिकला, मग उडायला. मग मी घरी स्वयंपाकघराच्या फरशीवर एक-दोन-तीन-चार-वर असं मोजत चालायचे आणि आजी म्हणायची ही पोरगी काय करी राहिली.

त्याच्या करिअरचे आकडे नानांना पाठ होते. 16 व्या वर्षी 1976 ला मॉन्ट्रियल ऑलिम्पिकमध्ये प्लॅटफॉर्मवर, म्हणजे न झुलणाऱ्या पक्क्या उंच ओट्यावरून, सिल्वर, पुढे होता इटलीचा क्लाउस डिबियासी, ज्याचं ते सलग तिसरं गोल्ड. 1980 च्या मॉस्को ऑलिम्पिकवर अमेरिकेने बहिष्कार टाकला, म्हणजे ऐन भरातली चार वर्षं गेली. तरी तो सराव करत राहिला, मधे ड्रामाची डिग्री घेतली, आणि 1984 ला लॉस एंजेलिसमध्ये स्प्रिंगबोर्ड आणि प्लॅटफॉर्म दोन्ही जिंकलं. स्प्रिंगबोर्डला 754.41 पॉइंट, दुसरा आला चीनचा तान लियांगदे, 662.31. बाण्णव पॉइंटचा फरक! या खेळात तो किती मोठा असतो हे कळायला मार्क कसे देतात ते माहीत पाहिजे.

तर मार्क असे. प्रत्येक डाइव्हला एक नंबर असतो आणि एक अक्षर. पहिला आकडा 1 म्हणजे पुढे तोंड करून पुढे फिरायचं, 2 म्हणजे पाण्याकडे पाठ करून मागे, 3 म्हणजे रिव्हर्स, 4 म्हणजे पाण्याकडे पाठ पण फिरायचं बोर्डाच्या बाजूला, 5 म्हणजे पीळ घातलेल्या. शेवटचं ए म्हणजे शरीर सरळ, बी म्हणजे कमरेत वाकून पाय ताठ, सी म्हणजे गुडघे छातीशी घेऊन गोळा. प्रत्येक डाइव्हची एक डिफिकल्टी, म्हणजे ती किती अवघड त्याचा आकडा, ठरलेली. जज 0 ते 10 मार्क देतात, सात जज असतील तर वरचे दोन आणि खालचे दोन काढून टाकतात, उरलेल्या तीनची बेरीज गुणिले डिफिकल्टी. समजा तिघांचे सहा-सहा उरले, झाले 18, डिफिकल्टी 1.8 तर 32.4. बास, एवढंच. 1982 च्या वर्ल्ड चॅम्पियनशिपमध्ये लुगॅनिसला एका डाइव्हला सातही जजनी 10 दिले होते.

वाळूवरचं झालं तेव्हा पाण्याची वेळ आली. आमच्या आसपास तीन मीटरचा बोर्ड आणि त्याखाली लागेल एवढं खोल पाणी माझ्या माहितीत कुठे नव्हतं, साध्या पोहण्याच्या तलावावर असं काही करूच नये. सुट्ट्यांमध्ये पुण्याला आत्याकडे राहायचं आणि बालेवाडीला जायचं असं ठरलं. 1994 च्या नॅशनल गेम्ससाठी तिथे क्रीडासंकुल उभं राहिलं, डायव्हिंगचा वेगळा खोल तलाव आहे. तिथे शिकवायला मॅडम होत्या, त्यांच्याशी नाना आधी फोनवर बोलले.

पहिल्यांदा खऱ्या बोर्डावर उभी राहिले तेव्हा दोन गोष्टी वाटल्या. एक म्हणजे बोर्ड किती मऊ आहे! नानांचा बोर्ड ताठ, हा नुसता उभं राहिलं तरी झुलतो. बाजूला एक चाक असतं, ते पायाने फिरवायचं, त्याने टेकू पुढेमागे होतो, पाण्याकडे पुढे घेतला तर बोर्ड कडक, मागे घेतला तर सैल आणि जास्त उसळी. चांगले डायव्हर सैल ठेवतात कारण त्यांना थांबता येतं. दुसरी गोष्ट म्हणजे खालचं पाणी दिसतच नाही. स्वच्छ, स्थिर पाणी असलं की तळच दिसतो, पृष्ठभाग कुठे आहे ते डोळ्याला कळत नाही, म्हणून तिथे पाण्याचा फवारा सोडून पृष्ठभाग हलता ठेवतात. तीन मीटरवरून नुसतं पडलं तरी पाण्याला लागेपर्यंत ताशी 27-28 किलोमीटरचा वेग येतो, वर उसळी घेतली तर अजून जास्त. पोटावर पडलं तर काय होतं ते कळायला वेळ लागला नाही. पोट लालभडक, श्वास अडकतो, आणि मॅडम वरून शांतपणे म्हणतात, "हात आधी."

हातांचं पण सांगते कारण मला ते फार आवडतं. विहिरीत आपण बोटं टोकदार करून सूर मारतो. इथे उलट, एका हाताने दुसऱ्या हाताचा अंगठा धरायचा आणि तळवे सपाट पाण्याकडे करायचे, म्हणजे आधी तळव्यांनी पाण्याला भोक पाडायचं आणि त्या भोकातून अख्खं शरीर आत घ्यायचं, दंड कानांना घट्ट दाबलेले. आत गेल्या गेल्या हात बाजूला फाकवायचे. नीट झालं तर पाणी उडत नाही, नुसता कापड टरकावल्यासारखा आवाज येतो. पहिल्यांदा माझ्याकडून तो आवाज आला तेव्हा मी पाण्याखाली होते, मला कळलंच नाही, वर आले तर बाकीच्या मुली टाळ्या वाजवत होत्या. मनगटं महिनाभर दुखत होती पण.

मग आली रिव्हर्स. तीन नंबरचा ग्रुप. यात तोंड पाण्याकडे करून, पुढे चालत जाऊन उडी मारायची आणि हवेत मागे फिरायचं, म्हणजे डोकं बोर्डाच्या दिशेने येतं. शरीर सांगतं बोर्डापासून लांब पळ, म्हणून माणूस मागे रेलतो, आणि रेलला की उलट बोर्डाच्या जवळ जातो. खरं करायचं असतं ते म्हणजे आधी वर आणि थोडं बाहेर, पूर्ण उंची मिळेपर्यंत फिरायचंच नाही. परत तेच, थांबणं.

एक मीटरवर मला जमली. तीन मीटरवर गेले आणि एके दिवशी पाण्याकडे जाताना उजव्या हाताची बोटं बोर्डाच्या कडेला लागली. दोन नखं निघाली, रक्त, बोटं सुजून बाहेर. नशिबाने हाड शाबूत. दुखण्यापेक्षा तो आवाज लक्षात राहिला, बोर्ड बोटांवर वाजला तो. मॅडमनी बर्फ लावला, पट्टी केली, आणि संध्याकाळी घरी जायच्या आधी म्हणाल्या बोर्डावर नुसतं चालून ये, उडी नको मारू, टोकापर्यंत जा आणि परत ये. मी गेले आणि आले. पाय थरथरत होते.

त्या रात्री नानांना फोन केला. त्यांनी विचारपूस केली, डॉक्टरला दाखवलं का, धनुर्वाताचं इंजेक्शन घेतलं का, आणि मग म्हणाले सेऊल बघ. आत्याच्या मोबाइलवर यूट्यूबवर शोधलं.

1988, सेऊल ऑलिम्पिक, 19 सप्टेंबर, स्प्रिंगबोर्डची प्राथमिक फेरी. लुगॅनिसची नववी डाइव्ह, रिव्हर्स अडीच सॉमरसॉल्ट, म्हणजे हवेत मागे अडीच कोलांट्या, पाय ताठ ठेवून. तो वर गेला पण बाहेर पुरेसा गेला नाही, आणि फिरून खाली येताना डोक्याचा मागचा भाग बोर्डावर आदळला. मी ते बघितलं तेव्हा मोबाइल खाली ठेवला. परत उचलला. तो पाण्यात वेडावाकडा पडतो, वर येतो, डोकं धरून बाहेर निघतो. टाके घातले. अजून दोन डाइव्ह बाकी होत्या आणि त्याने त्या केल्या, अर्ध्या-पाऊण तासाच्या आत, त्याच बोर्डावरून. पुढची डाइव्ह परत रिव्हर्सच, वर पिळाची. ती करायच्या आधी तो बोर्डावर उभा राहून छातीवर हात थोपटतो, हृदय किती धडधडतंय ते दाखवतो, प्रेक्षक हसतात, तो पण हसतो. आणि मग ती डाइव्ह अशी मारतो की त्या फेरीतले सगळ्यात जास्त मार्क तिलाच मिळतात. दुसऱ्या दिवशी गोल्ड.

मी ते छातीवर थोपटणं किती वेळा बघितलं असेल. तो जगातला सगळ्यात मोठा डायव्हर आणि सगळ्या जगासमोर सांगतोय की मी घाबरलोय. मग तीच पावलं, तेच हर्डल, तेच थांबणं. भीती गेली म्हणून त्याने डाइव्ह मारली नाही, भीती तिथेच होती आणि पावलं तिच्यापेक्षा जास्त पाठ होती. मला नानांचे ते सगळे महिने तेव्हा समजले. वाळूवर त्यांनी मला चालायला का लावलं, डोळे मिटून का ऐकायचे, सगळं.

यातला एक तुकडा नानांनी मला मी मोठी झाल्यावर सांगितला. सेऊलच्या सहा महिने आधी लुगॅनिसला एचआयव्ही असल्याचं कळलं होतं. तो दर चार तासांनी औषध घेत होता, रात्रीसुद्धा उठून, आणि त्याच्या कोचला, रॉन ओब्रायनना, माहीत होतं. जगाला नाही. कळलं असतं तर त्याला कोरियात पाऊलही ठेवता आलं नसतं. डोक्याला लागलं तेव्हा दुखण्यापेक्षा मोठी धास्ती ही होती, पाण्यात रक्त गेलं असेल, टाके घालणाऱ्या डॉक्टरच्या हातात ग्लोव्हज नव्हते, आणि तो काही बोलू शकला नाही. क्लोरीनच्या एवढ्या पाण्यातून कुणाला लागण होत नाही, डॉक्टरांची टेस्टही पुढे निगेटिव्ह आली. पण तो दिवस त्याने कसा काढला असेल. आपण गे आहोत हे त्याने 1994 मध्ये जाहीर केलं आणि आजाराचं 1995 मध्ये सांगितलं, लोकांनी वाटेल ते बोलून घेतलं, आणि तो नंतरही उभा राहिला, तरुण डायव्हरांना मार्गदर्शन करत राहिला, या विषयावर गावोगाव बोलत राहिला.

हे मी मुद्दाम लिहितेय. आमच्या हायवेच्या गावांनी हा आजार जवळून बघितलाय. आई सांगते, तिच्या माहेरच्या गल्लीत एक ट्रक ड्रायव्हर होता, त्याचं ताट वेगळं, पाण्याचा तांब्या वेगळा, अंगणातल्या खाटेवर त्याने शेवटचे दिवस काढले, लेकरांना त्याच्याजवळ जाऊ द्यायचे नाहीत. औषधं आता सरकारी दवाखान्यात फुकट मिळतात, नियमित घेतली तर माणूस वर्षानुवर्षं नीट जगतो, ताटाने तांब्याने काही होत नाही. लुगॅनिसचं मेडल सांगताना हे गाळून सांगणारे लोक मला भेटलेत. मी गाळणार नाही.

बोटं बरी झाल्यावर मी रिव्हर्सकडे परत गेले ते सरळ तीन मीटरवर नाही. आधी वाळू. भुसावळला आले, नानांनी कमरेला पट्टा बांधला, दोन बाजूंनी दोर, वर आडव्या पाइपवरून कप्पीतून घेतलेले, एक टोक नानांच्या हातात एक पप्पांच्या. नुसतं वर आणि बाहेर, फिरायचं नाही. मग अर्धं फिरायचं. मग पूर्ण. पप्पांना घाम फुटायचा, दोर असे धरायचे की हाताला वळ यायचे. मग पुण्यात एक मीटर, मग तीन. वरून पहिल्यांदा परत मारली तेव्हा मॅडमनी खालून हाक दिली तेव्हाच गुडघे घेतले, स्वतःच्या मनाने नाही. ही पद्धत सगळीकडे आहे, कोच वेळ सांगतो आणि डायव्हर ऐकतो. तेवढा विश्वास बसायलाच निम्मा काळ जातो.

पुढे विद्यापीठाकडून इंटर युनिव्हर्सिटीला खेळले. पदक नाही मिळालं, मधल्या नंबरांत आले, पण रिव्हर्सला माझ्या यादीतले सगळ्यात चांगले मार्क आले आणि ते कार्ड मी लॅमिनेट करून ठेवलंय. तिथे मणिपूर, बंगाल, मध्य प्रदेशच्या मुली बघितल्या, काय सुंदर मारत होत्या. आमच्या गप्पा सगळ्या चिनी मुलींच्या, फू मिंगशिया 13 व्या वर्षी ऑलिम्पिक गोल्ड जिंकली ते, गाओ मिनने 1988 आणि 1992 दोन्हीकडे स्प्रिंगबोर्ड जिंकला ते. तिथे मला पहिल्यांदा कुणी "भीती नाही वाटत का" असं विचारलं नाही.

नानांशी माझा एक वाद मात्र मिटलेला नाही. सेऊललाच प्लॅटफॉर्मची फायनल झाली, 10 मीटरवरून, आणि शेवटच्या डाइव्हआधी चीनचा शिओंग नी पुढे होता, 14 वर्षांचा पोरगा. लुगॅनिसने शेवटी रिव्हर्स साडेतीन सॉमरसॉल्ट मारली, 3.4 डिफिकल्टी, त्या काळी जिचं नाव काढलं तरी लोक घाबरायचे ती, आणि 1.14 पॉइंटने जिंकला. 638.61 विरुद्ध 637.47. नाना लुगॅनिसचे एवढे भक्त पण म्हणतात तो दिवस शिओंग नीचा होता, जजनी मोठ्या नावाला झुकतं माप दिलं. मी म्हणते नाना, डोक्याला टाके असताना आठवडाभरात परत रिव्हर्सच निवडणं, तीही एवढी, मार्क द्यायलाच पाहिजेत. नाना म्हणतात मार्क डाइव्हला असतात, डोक्याच्या टाक्यांना नाही. तांत्रिकदृष्ट्या त्यांचं बरोबर आहे हे मला मान्य आहे, तरी मी माझं मत सोडत नाही. शिओंग नीने पुढे 1996 आणि 2000 ला स्प्रिंगबोर्डचं गोल्ड मिळवलं, म्हणजे तोही त्या हरण्यातून परत आला, यावर आमचं दोघांचं एकमत आहे.

आता ज्यांच्या घरात उड्या मारणारं पोर आहे त्यांच्यासाठी. आधी पोहणं पक्कं करा, जमलं तर जिम्नॅस्टिक्स किंवा मल्लखांब, आठ-नऊ वर्षांपासून सुरू केलं तर उत्तम. आणि विहिरीत डोक्याकडून सूर मारू देऊ नका, हे मी स्वतः मारत मोठी झाले तरी सांगतेय. यावल-रावेरकडे पाणी किती खाली गेलंय ते आपण बघतोच, ज्या विहिरीत मागच्या वर्षी दोन पुरुष पाणी होतं तिथे यंदा खडक वर आलेला असतो आणि वरून कळत नाही. मान मोडली तर पोरगं जन्मभर अंथरुणाला खिळतं. मामाच्या विहिरीत आता कुणी उडी मारत नाही, तेवढं पाणीच नाही.

नाना अजून शिकवतात, फी घेत नाहीत. माझी भाची आणि लोको कॉलनीतली चार-पाच पोरं येतात, शनिवार-रविवारी मी असते. दोर धरायला माणसं कमी पडतात, त्यामुळे आईवडिलांपैकी एकाने थांबायचं, पोराला सोडून निघून जायचं नाही. सकाळी सहाच्या आत, रिकाम्या पोटी, आणि नखं कापून.